कोल्हापुरात राहून चित्रपटाचं स्वतंत्र संकलन: यंत्र, ड्राइव्ह, करार, पैसे

पन्हाळगडी
नमस्कार मंडळी. लग्नाचे व्हिडिओ आणि यूट्यूबवरच्या विनोदी मालिका कापून बस्तान बसवलेली बरीच पोरं राजारामपुरीत, मंगळवार पेठेत आहेत, मी त्यातलाच. आता सांगलीकडच्या एका निर्मात्याकडून ९०-१०० मिनिटांच्या मराठी चित्रपटासाठी विचारणा आली आहे. शूटिंग पन्हाळा, कागल आणि मोरेवाडीच्या चित्रनगरीत. कॅमेरा सोनी, यूएचडी. आवाज वेगळ्या रेकॉर्डरवर. डीआय (रंगांचं अंतिम काम) आणि आवाजाचं मिक्सिंग मुंबईत होणार. जाणकारांना तीन प्रश्न:
१. इथे बसून हे काम होतं, की मुंबईत खोली घ्यावीच लागते?
२. लग्नाच्या कामाला घेतलेलं मशीन पुरेल का?
३. पैसे कसे ठरवायचे आणि बुडू नयेत म्हणून काय करायचं?
हिंदी-इंग्रजी व्हिडिओ पुष्कळ पाहिले. इथली अडचण इथल्याच माणसाला कळते, म्हणून हा धागा.

मूव्हिओला
काम इथे बसून होतं. काप कुठे मारायचा हे राजारामपुरीत ठरलं काय नि अंधेरीत ठरलं काय, फरक पडत नाही. गाडी अडते ती पुढे माल देताना. मुंबईचा कलरिस्ट आणि साउंडवाला तुला बघणार नाही, तुझी फाइल बघणार. ती नीट उघडली तर पुढच्या कामाला तुझं नाव सुचवतील. नाही उघडली तर निर्मात्याला फोन जातो की "कोल्हापूरचा एडिटर बदला". स्वतंत्र संकलकाचं करिअर निम्मं या एका गोष्टीवर चालतं.

म्हणून पहिलं काम शूटिंगच्या आधीचं. एक दिवस मागून घे आणि सगळी साखळी कोरडी चालवून बघ. त्याच कॅमेऱ्यावर, त्याच रेकॉर्डरवर दोन मिनिटं शूट, मग कॉपी, प्रॉक्सी (कापायला हलक्या प्रती), सिंक (चित्र-आवाज जुळवणं), चार कट, कलरिस्टला एक्सएमएल, साउंडला एएएफ (टाइमलाइन दुसऱ्या सॉफ्टवेअरला देणाऱ्या फायली). दोघांचाही "उघडलं" असा लेखी निरोप येईपर्यंत थांबायचं. हा दिवस निर्मात्याला फुकटचा वाटतो, पण तो न केल्याची किंमत लॉकनंतर, म्हणजे काप पक्के झाल्यावर कळते.

फ्रेम रेट (सेकंदाला किती फ्रेम) त्याच दिवशी ठरवा आणि कागदावर लिहा. सोनीच्या बऱ्याच मिररलेस कॅमेऱ्यांत मेनूत '२४पी' लिहिलेलं असतं, पण प्रत्यक्षात ते २३.९७६ असतं. थिएटरला जाणारी अंतिम प्रत, म्हणजे डीसीपी, २४ वर. फरक ०.१ टक्का. ऐकायला क्षुल्लक, पण ९० मिनिटांत ५.४ सेकंद होतात. कुणी चित्र २३.९७६ वर ठेवलं आणि कुणी आवाज २४ धरून दिला, तर मध्यंतरापर्यंत ओठ आणि शब्द उघडउघड वेगळे झालेले असतात. कॅमेऱ्यात खरे २४ असतील तर तेच घ्या. नसतील तर कॅमेरा, रेकॉर्डर, टाइमलाइन, साउंड सगळं २३.९७६ वर ठेवा आणि डीसीपी करतानाच एकदा २४ करा. मधेच कुणी बदलायचं नाही.

आणखी एक. आपल्याकडे वीज ५० हर्ट्झची. २४ फ्रेमवर १८० अंशाचा शटर ठेवला की १/४८ होतो आणि तालमीतल्या ट्यूबलाइटखाली चित्र लपलपतं. शटर १७२.८ अंश म्हणजेच १/५० ठेवायला कॅमेरामनला सांगा. हे त्याचं काम, मान्य. पण लपलपलेला शॉट शेवटी संकलकाच्याच गळ्यात येतो.

शिरोळकर
मूव्हिओलाताईंना अनुमोदन. मी डेटाच्या बाजूचं लिहितो, कारण स्वतंत्र एडिटरला डीआयटीचं (सेटवर डेटा उतरवून सांभाळणाऱ्याचं) कामही करावं लागतं, वेगळा माणूस बजेटमध्ये नसतो.

आधी हिशेब. सोनीवर यूएचडी १०० एमबीपीएसने शूट केलं तर तासाला ४५ जीबी. ऑल-इंट्रा (प्रत्येक फ्रेम स्वतंत्र साठवणारं) २५० एमबीपीएस घेतलं तर तासाला ११२ जीबी. अशा चित्रपटाचे रशेस (शूट झालेला कच्चा माल) ४० तास धरा. पहिल्या प्रकारात १.८ टीबी, दुसऱ्यात साधारण ४.५ टीबी. याच्या तीन प्रती लागतात: एक निर्मात्याकडे, एक एडिटकडे, एक तिसऱ्याच ठिकाणी. ड्राइव्ह निर्मात्याने घ्यायचे, त्याच्या नावाच्या बिलावर. स्वतःचे ड्राइव्ह देऊ नका. ते परत येत नाहीत, आणि आले तरी रिकामे करून मागता येत नाहीत.

कॉपी म्हणजे ड्रॅग करून टाकणं नाही. कार्डातलं आख्खं फोल्डर जसंच्या तसं उचलायचं, नुसत्या एमपी४ वेचायच्या नाहीत. शेजारच्या एक्सएमएल फायलींत टाइमकोड आणि बाकी माहिती असते. चेकसम तपासून (प्रत मूळ फायलीशी तंतोतंत जुळते का ते बघून) कॉपी करणारं सॉफ्टवेअर वापरा. दाविंची रिझॉल्व्हच्या फुकट आवृत्तीतही मीडिया पानावर 'क्लोन टूल' आहे, तेवढं पुरतं. साधी हार्ड डिस्क १३० एमबी प्रति सेकंद धरली तर ४.५ टीबी उतरायला साडेनऊ तास लागतात. पडताळणीत सगळं पुन्हा वाचलं जातं, म्हणजे जवळजवळ दुप्पट. हा वेळ प्रॉडक्शन मॅनेजरला आधीच सांगा, नाहीतर "कार्ड मोकळं कर, उद्या सकाळी सहाचा कॉल आहे" हे ठरलेलं. दोन पडताळलेल्या प्रती झाल्याशिवाय कार्ड फॉरमॅट होत नाही, दिग्दर्शक ओरडला तरी.

सोनीच्या फायली सी०००१, सी०००२ अशा सुरू होतात. नवं कार्ड घातल्यावर क्रमांक पुन्हा पहिल्यापासून सुरू झाला तर एकाच नावाच्या पाच-सहा फायली जमतात आणि कन्फॉर्ममध्ये (प्रॉक्सीच्या जागी मूळ शॉट लावताना) भलताच शॉट लागतो. कॅमेऱ्याच्या मेनूत फाइलच्या नावाला कार्डनिहाय उपसर्ग देता येतो. पहिल्या दिवशी दोन मिनिटांचं काम.

ड्राइव्हचं फॉरमॅट: मुंबईत मॅक, तुमच्याकडे विंडोज असं असेल तर एक्सफॅट. एनटीएफएस मॅकवर वाचता येतं, लिहिता येत नाही. मात्र एक्सफॅटला जर्नल (लिहिण्याची नोंदवही) नसतं. लिहिणं चालू असताना वायर निघाली किंवा वीज गेली तर आख्खा ड्राइव्ह खराब होऊ शकतो. म्हणून तो नेण्या-आणण्यापुरता वापरा, रोजच्या कामाला नको.

चहा_कटिंग
इंटरनेटवरून पाठवायचं ना भावा सगळं. बसनं ड्राइव्ह पाठवायचा जमाना गेला आता.

शिरोळकर
गणित करून बघा. अपलोडला खरोखरचा १०० एमबीपीएस वेग मिळाला तरी ४.५ टीबीला १०० तास, म्हणजे चार दिवस-रात्र. तेवढ्यात रात्रीची बस मुंबईला चार वेळा जाऊन येते. प्रॉक्सी, एएएफ, रेफरन्स व्हिडिओ नेटवरून. मूळ रशेस ड्राइव्हवर, आणि शक्यतो माणसासोबत.

पावसाळ्याचं गणित वेगळं. २०१९ च्या ऑगस्टमध्ये आणि २०२१ च्या जुलैत पंचगंगेचं पाणी आलं आणि शिरोलीजवळ महामार्ग बंद झाला होता. जुलै-ऑगस्टमध्ये डीआयची तारीख असेल तर एक प्रत जूनमध्येच पुण्याला किंवा मुंबईला पोहोचवा. आणि इथली प्रत तळमजल्यावर ठेवू नका.

पन्हाळगडी
धन्यवाद शिरोळकर दादा. मशीनचं कोण सांगेल? सध्या १६ जीबी रॅम, ग्राफिक कार्ड ४ जीबीचं, एक एसएसडी.

रंकाळ्याचा_वारा
१६ जीबीवर लग्न होतं, चित्रपट होत नाही. ३२ किमान, ६४ असेल तर निवांत. ग्राफिक कार्ड ८ जीबीचं. दोन एनव्हीएमई (वेगवान एसएसडी): एकावर सिस्टीम आणि सॉफ्टवेअर, दुसऱ्यावर (२ टीबी) प्रॉक्सी आणि कॅशे. प्रोसेसरमागे फार धावू नका, प्रॉक्सीवर काम केलं की मधल्या दर्जाचाही चालतो.

प्रॉक्सी १०८०, प्रोरेस प्रॉक्सी किंवा डीएनएक्सएचआर एलबी. प्रोरेस प्रॉक्सीला साधारण ३८ एमबीपीएस, म्हणजे तासाला १७ जीबी, ४० तासांचे ६८० जीबी. दोन टीबीत आरामात बसतं. एच.२६४ च्या प्रॉक्सी लहान होतात, पण दोन-दोन तास मागेपुढे स्क्रब करताना मशीन धापा टाकतं, कारण प्रत्येक फ्रेम शेजारच्या फ्रेमवर टेकून उभी असते. प्रॉक्सीचं नाव, टाइमकोड आणि ऑडिओ चॅनलची संख्या मूळ फायलीसारखीच हवी. मूळ फायलीत चार चॅनल आणि प्रॉक्सीत दोन असले की प्रीमियर जोडायलाच नकार देतं.

यूपीएस विसरू नका. संगणकाच्या दुकानात गळ्यात मारतात तो ६०० व्हीएचा डबा ग्राफिक कार्डवालं मशीन ओढत नाही. भार पडला की तोच आधी बंद पडतो. मशीन आणि मॉनिटर मिळून ४००-४५० वॉट धरा आणि किमान १ केव्हीए घ्या, त्यावर वॉटमध्ये किती लिहिलंय ते वाचून. दहा मिनिटं मिळाली तरी पुरे, सेव्ह करून नीट बंद करता येतं.

मोबाइलवर काढलेले शॉट असतील (दिग्दर्शकाला ड्रोनवाला आला नाही की मोबाइल आठवतो) तर ते व्हेरिएबल फ्रेम रेटचे असतात. तसेच टाइमलाइनवर टाकले की आवाज हळूहळू सरकतो. आधी ठराविक फ्रेम रेटच्या प्रोरेसमध्ये बदला. शटर एन्कोडर फुकट आहे.

मूव्हिओला
आता प्रत्यक्ष कामाचं. शूटिंग चालू असतानाच लाइनअप (सीनचे शॉट क्रमाने) लावत जा, आदल्या दिवसाचं दुसऱ्या दिवशी. चित्रनगरीतला सेट उतरण्याआधी "इथे आईची रिअ‍ॅक्शन नाही" हे कळलं तर पॅचवर्क (राहिलेला शॉट घेणं) अर्ध्या तासात होतं. सेट उतरल्यावर तेच काम हजारांत जातं किंवा होतच नाही. त्यासाठी रोज तीन कागद हातात हवेत: कॅमेरा रिपोर्ट, साउंड रिपोर्ट, कंटिन्युइटी शीट. कंटिन्युइटीचं काम अनेकदा तिसऱ्या सहाय्यकाच्या माथी मारलेलं असतं आणि तो ओके टेकवर टिक करायला विसरतो. त्याच्याशी पहिल्या दिवशीच गोडीत बोलून घ्या.

सिंकला वेळ कमी धरू नका. टाइमकोड जुळवलेले असतील तर काम भराभर होतं. नुसत्या क्लॅपवर असेल तर दिवसाला चार-पाच तासांचे रशेस सिंक, नाव आणि नोंदींसह लागतात, त्याहून जास्त नाही. ४० तासांचे आठ ते दहा दिवस झाले. कोटेशनमध्ये हे दिवस वेगळे दाखवा, "एडिटिंग" या एका शब्दात गडप करू नका.

पहिलं असेंब्ली १३०-१४० मिनिटांचं निघालं तर दचकू नका, दिग्दर्शकालाही दचकू देऊ नका. पटकथेच्या क्रमाने, सगळे सीन पूर्ण, संगीत न घालता दाखवा. तात्पुरतं संगीत घातलं की मंद सीनही चालतोय असं वाटतं, आणि पुढे संगीतकाराला "तसंच काहीतरी" करायला सांगितलं जातं. त्याचं काम पहिल्याच दिवशी बिघडलं.

ग्रामीण बोलीच्या चित्रपटात एक गोष्ट शहरी संकलक हमखास चुकवतात: वाक्याच्या शेवटचा हेल. "आलास व्हय?" यातला "व्हय" पूर्ण संपल्याशिवाय काप मारला की माणूस रागावल्यासारखा वाटतो. वेव्हफॉर्म सपाट दिसली तरी पुढच्या पाच-सहा फ्रेम ऐकून बघा. इथे वाढलेल्या संकलकाचा उपयोग होतो तो असा. सांगलीकडच्या निर्मात्याने मुंबई सोडून कोल्हापुरात विचारलं त्यामागे हेही असेल.

आवाज_बंद
साउंडकडून विनंती (खरं तर धमकी).

प्रीमियरमध्ये 'मर्ज क्लिप' करून सिंक करू नका. एएएफमध्ये त्याचा बोऱ्या वाजतो. बूम (दांड्यावरचा माइक) आणि लेपलचे (कपड्यावरचा माइक) वेगळे ट्रॅक मागे राहतात आणि आमच्याकडे फक्त मिक्स ट्रॅक येतो. लेपलवर धोतराची खरखर आली म्हणून बूमवर जायचं तर बूमच नाही. रेकॉर्डरच्या मूळ वेव्ह फायली, सगळ्या चॅनलसह, साउंड रिपोर्टसकट वेगळ्या द्या. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट. ४४.१ वर काढलेली गाणी, ढोल-ताशा, मोबाइलवरचं रेकॉर्डिंग हे सगळं आधी ४८ करून घ्या.

टाइमलाइनवर ट्रॅक वाटून ठेवा: संवाद वर, मग इफेक्ट, मग संगीत. संवादाच्या ट्रॅकवर "धडाम" आणि संगीताच्या ट्रॅकवर संवाद असं मिसळलेलं आलं की पहिले दोन दिवस निवडण्यात जातात आणि त्याचं बिल निर्मात्याला लागतं.

एएएफ रीलनिहाय द्या, १५-२० मिनिटांचं एक रील. प्रत्येक क्लिपच्या दोन्ही बाजूंना पाच सेकंदांचे हँडल (कापाबाहेरचा जादा आवाज). आवाज फायलीतच भरला आणि ती २ जीबीपुढे गेली तर प्रो टूल्समध्ये अनेकदा उघडतच नाही. तेव्हा ऑडिओ वेगळ्या फोल्डरमध्ये काढा. नेस्टेड (एकात एक घातलेले) सीक्वेन्स उघडून सपाट करा. सोबत रेफरन्स व्हिडिओ: त्यावर टाइमकोड आणि रील क्रमांक छापलेला, आवाज डावीकडे संवाद, उजवीकडे बाकी सगळं.

नको असलेली क्लिप म्यूट करा, पुसू नका. आणि कृपा करून तालमीत, वाड्यात, उसाच्या फडात, जिथे जिथे शूट असेल तिथे तीस सेकंद शांतता रेकॉर्ड करायला लावा. नुसती शांतता. ती नसली की दोन संवादांमधली भोकं बुजवायला काहीच नसतं आणि सीन डबिंगला जातो.

रंकाळ्याचा_वारा
डीआयला देताना लॉक झालेल्या सीक्वेन्सची डुप्लिकेट करा आणि त्यावरच काम करा. शक्य तेवढं सगळं व्ही१ वर (सगळ्यात खालच्या चित्र-ट्रॅकवर) उतरवा. वर दहा थर ठेवून पाठवलेली टाइमलाइन उलगडणं म्हणजे घर आवरण्यासारखं आहे, जास्त काही बोलत नाही.

प्रीमियरमधून रिझॉल्व्हकडे फायनल कटचा एक्सएमएल. साधा काप, डिझॉल्व्ह, साइझ, पोझिशन नीट येतं. स्पीड रॅम्प, स्टॅबिलायझर, प्लगइनचे ट्रान्झिशन, नेस्ट येत नाहीत. अशा शॉटची यादी टाइमकोडसह वेगळी द्या. यूएचडी शॉट १०८० टाइमलाइनवर 'स्केल टू फ्रेम साइझ'ने बसवले असतील तर ती आकडेवारी पुढे जात नाही, 'सेट टू फ्रेम साइझ' वापरा. हा एकच पर्याय चुकला की चारशे शॉटचं फ्रेमिंग हाताने पुन्हा करावं लागतं.

सिनेमास्कोपचं काळं मास्क वरच्या ट्रॅकवर ठेवलं असेल तर द्यायच्या सीक्वेन्समधून काढा. टूके डीसीपीचं स्कोप २०४८ बाय ८५८, फ्लॅट १९९८ बाय १०८०. कुठलं करायचं हे शूटिंगआधी ठरवा, कारण वर-खाली कापलं जाणारं फेट्याचं टोक नंतर परत आणता येत नाही.

रंगाचा निर्णय घरच्या मॉनिटरवर घेऊ नका, दिग्दर्शकालाही घेऊ देऊ नका. कॅमेऱ्याच्या लॉग (मुद्दाम फिकट) चित्रावर एक साधा लट (रंग बसवणारी तयार फाइल) लावा आणि पुढे चला.

खासबाग
मराठी टायटलचं कुणी लिहिलं नाही. प्रीमियरमध्ये 'श्रेयनामावली' टाइप केलं की श्र फुटतो, रफार भलतीकडे जातो. प्रेफरन्सेसमध्ये ग्राफिक्सखाली टेक्स्ट इंजिन 'साउथ एशियन अँड मिडल ईस्टर्न' करा, मग जोडाक्षरं नीट लागतात. आफ्टर इफेक्ट्समध्येही टाइपखाली तसाच पर्याय आहे.

दुसरा घोळ: प्रॉडक्शनकडून नावांची यादी श्रीलिपीत येते, ती कॉपी केली की अगम्य चिन्हं दिसतात. युनिकोडमध्ये बदलून घ्या आणि मग प्रत्येक नाव वाचून तपासा, रूपांतरात ऱ्ह आणि ऱ्य हमखास बिघडतात. शेवटी निर्मात्याची सही घेतलेली यादीच पडद्यावर लावायची. आडनाव चुकलं तर प्रीमियरला गावातल्या चारशे लोकांसमोर कळतं.

टायटल चित्रात पक्की भाजू नका. प्रोरेस ४४४४ मध्ये अल्फासह (पारदर्शक पार्श्वभूमीवर) वेगळी द्या. चॅनल किंवा ओटीटीवाले बिनअक्षरांची प्रतही मागतात. इंग्रजी सबटायटल लॉकनंतरच: दोन ओळी, ओळीला ४२ अक्षरांपर्यंत, एक पाटी जास्तीत जास्त सात सेकंद. सबटायटल २५ च्या फायलीवर झाले आणि चित्र २४ चं निघालं तर ९० मिनिटांत साडेतीन मिनिटांहून जास्त फरक पडतो.

पन्हाळगडी
बाप रे. यातलं निम्मं ठाऊकच नव्हतं. आता पैशांचं. दिवसावर घ्यावं की उक्तं?

चहा_कटिंग
दिवसावर. उक्तं घेतलं की सहा महिने फुकट राबवतात.

मूव्हिओला
दिवसावर घेतलं की निर्माता दिवस मोजत बसतो आणि विचार करायला लागणारा वेळ त्याला कामचुकारपणा वाटतो. चित्रपटाला उक्तंच बरं, पण चारही बाजूंनी बांधलेलं. करारात हे हवंच:

किती आठवडे आणि कुठपर्यंत. रफ कटनंतर दुरुस्तीच्या किती फेऱ्या (तीन ठीक). 'पिक्चर लॉक' म्हणजे दिग्दर्शक आणि निर्माता दोघांचा लेखी होकार, तारखेसह. व्हॉट्सअ‍ॅपवरचा अंगठा नव्हे. लॉकनंतर बदल आला तर दिवसाचा दर वेगळा. इथे तुझा दिवसाचा मुद्दा चालतो, चहा_कटिंग. ट्रेलर, गाण्यांचे टीझर, रील्स यात आहेत की नाहीत ते स्पष्ट लिहा. "एवढं एक करून दे" म्हणत सगळ्यात जास्त काम तिथेच निघतं.

हप्ते: करारावर चतुर्थांश, पहिल्या असेंब्लीला चतुर्थांश, लॉकला तीस टक्के, उरलेले वीस डीआय-साउंडचा माल द्यायच्या आधी. दिल्यावर नाही. एकदा ड्राइव्ह मुंबईला गेला की तुमच्या हातात काही उरत नाही.

श्रेय: नाव कसं लिहायचं, कुठल्या कार्डवर, एकटं की इतरांबरोबर, पोस्टरवर येणार की नाही. १९५७ च्या कॉपीराइट कायद्यात चित्रपटाचा 'लेखक' म्हणजे निर्माता. संकलकाला त्यात आपोआप काहीही मिळत नाही. जे काही आहे ते करारात.

हिशेबनीस
पैशांचं कायद्याच्या बाजूने, थोडक्यात.

उद्यम नोंदणी (लघुउद्योगाची सरकारी नोंदणी) आजच करा. सरकारी पोर्टलवर फुकट होते, एजंटला पैसे देऊ नका. २००६ च्या एमएसएमईडी कायद्यानुसार नोंदणीकृत सूक्ष्म उद्योगाचं बिल लेखी करार असेल तर जास्तीत जास्त ४५ दिवसांत, नसेल तर १५ दिवसांत द्यावं लागतं. उशीर झाला तर बँक दराच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज. तक्रार सरकारी ऑनलाइन पोर्टलवर. नोंदणी काम सुरू होण्याआधीची हवी, वाद झाल्यावर केलेली कामाला येत नाही. बिलावर उद्यम क्रमांक छापा. नुसता तो क्रमांक बघून पैसे सोडणारे निर्माते आहेत.

निर्माता १० टक्के टीडीएस कापतो. तो भरला का हे आयकर पोर्टलवर तिमाहीला बघा, कापून न भरणारे कमी नाहीत.

आयकरात संकलक हा 'फिल्म आर्टिस्ट'मध्ये स्पष्ट नावाने मोडतो, त्यामुळे अंदाजित उत्पन्न दाखवता येतं (जुन्या कायद्यात कलम ४४एडीए): जमा रकमेच्या ५० टक्के नफा धरायचा, मशीन-ड्राइव्हच्या पावत्यांचा हिशेब दाखवावा लागत नाही. मर्यादा ५० लाख, रोखीचं प्रमाण पाच टक्क्यांच्या आत असेल तर ७५ लाख. एप्रिल २०२६ पासूनच्या नव्या आयकर कायद्यात कलमाचा क्रमांक वेगळा आहे, तरतूद कायम. आगाऊ कर एकदाच, १५ मार्चपर्यंत. जीएसटी नोंदणी वर्षाला २० लाखांच्या पुढे, दर १८ टक्के. कोटेशनमध्ये "जीएसटी लागू असल्यास वेगळा" ही ओळ टाकून ठेवा.

मूव्हिओला
सेन्सॉरचं राहिलं. मंडळाने सुचवलेले काप संकलकच करतो आणि यादीही तोच देतो: कुठल्या टाइमकोडपासून कुठपर्यंत, किती सेकंद, काढलं की बदललं. प्रमाणपत्रानंतर चित्रपटात काहीही काढलं-घातलं तर पुन्हा मंडळाकडे नोंद करावी लागते, म्हणून "रिलीजआधी एक सीन छोटा करू" हा फोन आला की आधी ही आठवण द्या. २०२३ च्या दुरुस्तीनंतर यूए चे ७+, १३+, १६+ असे तीन भाग झालेत. निर्मात्याला कुठला हवा ते रफ कटलाच विचारा, मारामारीचा एखादा शॉट कमी करणं तेव्हा सोपं असतं.

कुणी बिडी ओढत असेल तर सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर आरोग्याच्या फिती, डिस्क्लेमर आणि त्या शॉटखाली इशारा. ही मिनिटं एकूण लांबीत धरा. बैलं, घोडे, कोंबड्या दिसत असतील तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी शूटिंगआधीची लागते. ती नाही असं लॉकनंतर कळलं तर सीनच काढावा लागतो. लाइनअप लावताना जनावर दिसलं की कागद विचारा.

खासबाग
थोडं विषयांतर. नव्या मुलांनी एफटीआयआयला (पुण्याच्या चित्रपट संस्थेत) जावं की मुंबईत सहाय्यक व्हावं? आपल्या गावाला हे विचारायचा हक्क आहे: १९२९ ला प्रभात फिल्म कंपनी इथे सुरू झाली, १९३३ ला पुण्याला गेली, आणि त्याच प्रभातच्या जागेत आज ती संस्था आहे.

मूव्हिओला
कुठल्याही शाखेची पदवी असेल आणि प्रवेश मिळत असेल तर जावं. तिथे रशेसवर वर्षानुवर्षं हात बसतो आणि पुढची वीस वर्षं काम देणारे वर्गमित्र मिळतात. नाहीच जमलं तर एका चित्रपटाला मुंबई-पुण्यात सहाय्यक म्हणून पूर्ण वेळ काढा, सिंकपासून डीसीपीपर्यंत. मालिका इथे चित्रित झाल्या तरी त्यांचं संकलन बहुतेकदा मुंबईतच होतं, त्या भरवशावर इथे खुर्ची टाकून बसू नका. इथे टिकायचं तर चित्रपटाच्या मधल्या काळात माहितीपट, संस्थांच्या फिल्म, यूट्यूब मालिका चालू ठेवाव्या लागतात. लग्नंही सोडू नका, मार्गशीर्षात तेच भाडं भरतं.

शोरीलमध्ये संगीतावर नाचणारे तुकडे नकोत. दोन पूर्ण सीन ठेवा, एक दोघांच्या संवादाचा, एक बिनसंवादाचा. निर्मात्याची लेखी परवानगी घेऊनच.

पन्हाळगडी
सगळ्यांचे आभार. टेस्टचा दिवस मागितलाय, निर्माता हो म्हणाला. शेवटचं एक: रीलच्या सुरुवातीला चित्र-आवाज जुळवायचा तो "पिप" कुठे ठेवायचा? दोन ठिकाणी दोन आकडे वाचले.

आवाज_बंद
दोन्ही बरोबर आहेत, सुरुवात कुठून धरली यावर अवलंबून. लीडर (चित्राआधीची उलट मोजणी) ०१:००:००:०० ला सुरू केला तर चित्राची पहिली फ्रेम ०१:००:०८:०० ला आणि पिप ०१:००:०६:०० ला. चित्रच ०१:००:००:०० ला सुरू केलं तर पिप ००:५९:५८:०० ला. नियम एकच: पहिल्या फ्रेमच्या बरोबर दोन सेकंद आधी, एकच फ्रेम, १ किलोहर्ट्झ, उणे २० डीबी. रील संपल्यावर शेवटच्या फ्रेमनंतर दोन सेकंदांनी आणखी एक टाका, म्हणजे मधे काही सरकलं असेल तर लगेच कळतं. दुसऱ्या रीलला तास ०२, तिसऱ्याला ०३. आणि कुठली पद्धत घेतली ते ड्राइव्हमधल्या टेक्स्ट फाइलमध्ये लिहून पाठव, फोनवर सांगू नको.